गाणं बंद पडलं तेव्हा

"मी ३६ वर्षांचा आहे. १२ वर्षं ऑडिटमध्ये काढली. गेली चार वर्षं महिन्यातून दोन-तीन रात्री ड्रॅग करतो, म्हणजे बाईच्या वेषात रंगमंचावर कार्यक्रम करतो. विग, गाऊन, पापण्या, सगळा साज चढवून पाच मिनिटांच्या गाण्यावर ओठ हलवतो, आणि त्या पाच मिनिटांत आठवडाभराचा शीण उतरतो. आता एका ठिकाणाहून विचारणा आली आहे. दर आठवड्याला एक कार्यक्रम, सूत्रसंचालनही मीच करायचं, करार सहा महिन्यांचा. राजीनामा लिहून ड्रॉवरमध्ये ठेवलाय, पण रात्री झोप लागत नाही. बरोबरचे कलाकार विशीतले आहेत, उड्या मारतात, जमिनीवर पाय फाकून बसतात. माझे गुडघे आत्ताच कुरकुरतात. आकड्यांत घालवलेली १२ वर्षं वाया गेली असं वाटतं. ताईला सगळं माहीत आहे, बाबांना नाही. ऑफिसातल्या एकाने माझा व्हिडिओ पाहिलाय. बाबा बालगंधर्वांच्या रेकॉर्ड लावून डोळे पुसतात. त्यांना हे समजेल का? (एकदा गाणं मध्येच बंद पडलं. काही सुचेना म्हणून पहिल्या रांगेतल्या एका बाईंच्या पर्सचं ऑडिट केलं, एकेका वस्तूची पावती मागितली. लोक दहा मिनिटं हसत होते. पण ते काही खरं ड्रॅग नव्हे.) नोकरी सोडू का? आणि एक बारीकसा प्रश्न : भुवयांवरचा गोंद काढताना कातडी सोलवटते, काय करू?
– ताळेबंद"

प्रिय ताळेबंद,

तुमच्या पत्रातली सगळ्यात मोलाची गोष्ट तुम्ही कंसात टाकलीत. राजीनामा, बाबा, गुडघे, सगळ्याकडे येते मी, पण आधी त्या कंसात जाऊ या.

गाणं बंद पडलं. हातात माइक, डोक्यावर विग, समोर माणसं, आणि ज्या आवाजावर ओठ हलवायचे तोच गायब. अशा वेळी माणूस घाबरून जे धरतो ते त्याच्या अंगात सगळ्यात खोल मुरलेलं असतं. दुसऱ्या कुणी एखादा विनोद सांगून किंवा नाचून वेळ मारून नेली असती. तुम्ही पावती मागितलीत, कारण १२ वर्षं रोज तुम्ही तेच मागत आलात. आणि लोक हसले, कारण लांब नखांची, झगमगत्या गाऊनमधली एक बाई पर्समधल्या चुरगळलेल्या कागदाकडे इतक्या गंभीरपणे बघत होती की आता कुणाची तरी चौकशी लागणार असं वाटावं. हे शिकवून येत नाही. मला तर वाटतं, चार वर्षांत त्या रात्री पहिल्यांदा तुमची रंगमंचावरची बाई स्वतःच्या आवाजात बोलली.

तेव्हा उत्तर आधीच सांगून टाकते. करार घ्या. राजीनामा ड्रॉवरमध्येच राहू द्या. आणि हे सहा महिने त्या पावती मागणाऱ्या बाईची नीट ओळख करून घेण्यात घालवा.

वर्षं वाया गेली हे मला अजिबात मान्य नाही. १८७० साली लंडनमध्ये अर्नेस्ट बोल्टन आणि फ्रेडरिक पार्क या दोन तरुणांना एका नाट्यगृहाबाहेर बायकांच्या कपड्यांत पकडलं गेलं. दोघंही रंगमंचावर स्त्रियांची कामं करायचे. त्यातल्या बोल्टनने आधी बँकेत कारकुनी केली होती आणि पार्क वकिलाच्या हाताखाली उमेदवारी करत होता. पुढच्या वर्षी ज्युरीने त्यांना निर्दोष सोडलं आणि बोल्टन पुन्हा रंगमंचावर उभा राहिला. म्हणजे आकड्यांच्या टेबलावरून उठून गाऊन चढवणारे तुम्ही पहिले नाही.

पण मला जास्त सांगायचंय ते पॉल ओग्रेडींबद्दल. इंग्लंडच्या टेलिव्हिजनवर घराघरांत पोचलेली लिली सॅव्हेज ही त्यांनी उभी केलेली बाई. ते लंडनच्या कॅम्डेन भागातल्या कौन्सिलच्या, म्हणजे तिथल्या पालिकेच्या, नोकरीत होते. ज्या घरांत सांभाळायला कुणी नाही तिथे जाऊन मुलांची, म्हाताऱ्यांची काळजी घ्यायची, असं ते काम. ती नोकरी चालू असतानाच, १९७८च्या सुमाराला, लिली पहिल्यांदा लोकांसमोर आली. तिचं आडनाव ओग्रेडींच्या आईच्या माहेरचं. तिची जीभ त्यांनी लहानपणापासून पाहिलेल्या कष्टकरी बायकांची. लंडनच्या रॉयल व्हॉक्सहॉल टॅव्हर्न या पबमध्ये लिली आठ वर्षं ठाण मांडून होती, आणि ती काही उड्या मारून टिकली नाही. ती बोलून टिकली. माणसांच्या घरात शिरून त्यांची दुखणी जवळून पाहिलेला माणूस तिच्या तोंडून बोलत होता.

इंग्लंडमधलेच दुसरे ड्रॅग कलाकार डॅनी ला रू यांचं पाहा. नौदलात होते, मग दुकानांच्या काचेमागे कपडे मांडायचं काम करत. मांडलेला कपडा रस्त्यावरून चालणाऱ्याला कसा दिसतो हे ज्याला कळतं, त्याला दिव्यांखाली गाऊन कसा दिसेल हे वेगळं शिकावं लागत नाही. अमेरिकेतले ड्रॅग कलाकार डिव्हाइन आधी केशरचनाकार होते. ही सगळी माणसं आधीच्या कामाची कात टाकून आली नाहीत, ते काम अंगावर घेऊनच आली.

सगळ्यांना निवड करायला मिळाली असंही नाही. होजे सारिया दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या सैन्यात होते. त्यांना शिक्षक व्हायचं होतं. समलैंगिक म्हणून पोलिसांनी अटक केली आणि ते दार कायमचं बंद झालं. मग सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका बारमध्ये स्त्रीवेषात गाताना त्यांनी तिथे जमणाऱ्या, घाबरून जगणाऱ्या माणसांना ताठ मानेने जगायचं शिकवलं, आणि १९६१ साली उघडपणे समलैंगिक उमेदवार म्हणून शहराच्या निवडणुकीला उभे राहिले. हरले, पण हजारो मतं घेऊन. त्यांच्यातला शिक्षक गेला नव्हता, फक्त वर्ग बदलला होता. तुमच्या हातात आज नोकरीही आहे आणि रंगमंचही. तेव्हा झोप उडालेल्या एखाद्या रात्री कुठलंच दार आपटून बंद करू नका.

सदर लिहायला लागण्याआधी मी बावीस वर्षं रंगपटात काढली, रंगभूषा करत. तिथे पाहिलेली एक गोष्ट सांगते. माझ्या खुर्चीत बसणाऱ्या एका गुणी कलाकाराने अशाच एका करारावर भिस्त ठेवून नोकरी सोडली. करार तोंडीच होता. तिसऱ्या आठवड्यात जागेचा व्यवस्थापक बदलला आणि कार्यक्रम बंद झाला. मग तो मिळेल ते घ्यायला लागला. घरभाड्याची तारीख जवळ आली की तो कुणालाच नाही म्हणेना. दारू प्यालेल्या लोकांनी ओढाताण केली तरी हसून साजरं करायचा. आधी तो भुवई रेखताना माझ्याशी बोलायचा, आज ती कशी आहे, चिडलीय की लाडात आलीय. म्हणजे त्याची रंगमंचावरची बाई. सहा महिन्यांनी तो खुर्चीत नुसता बसून राहायचा. कष्ट त्याने केले, पण घाईची किंमत तिने मोजली. मला ते अजून खुपतं.

म्हणून तुमच्यासारख्या माणसाला मी हिशेबाचं बोलणार. सहा महिने, आठवड्याला एक, म्हणजे साधारण २६ प्रयोग. चेहरा उभा करायला तुम्हाला किती वेळ लागतो? अडीच-तीन तास धरा. प्रयोग, ये-जा, मेकअप उतरवणं, आठवड्यातून दोनदा तालीम, सगळं मिळून बारा ते पंधरा तास. दमवणारं आहे, पण नोकरीबरोबर जमण्यातलं आहे, फक्त कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी सुट्टी असेल असा वार मागून घ्या. वर्षअखेरीच्या गर्दीत काय करणार हेही आत्ताच ठरवा, आणि त्या दोन-तीन रात्रींना तुमच्या जागी कोण उभं राहील ते करारात घाला. तुम्ही जगाची खाती तपासता आणि स्वतःच्या कलेची वही अजून उघडलेली नाही, असं पत्र वाचून वाटलं. आजच उघडा. एका बाजूला मानधन आणि प्रेक्षकांनी दिलेले पैसे, दुसऱ्या बाजूला विग, बूट, कापड, शिलाई, प्रवास. विगचा खर्च "हौस" या नावाखाली लपवू नका.

करार लेखी हवा. कार्यक्रम रद्द झाला तर किती पैसे, किती दिवस आधी कळवायचं, कपडे बदलायला कडी लागणारी खोली आहे की नाही, व्हिडिओ कोण वापरणार, रात्री घरी कसं पोचणार, प्रेक्षकातला कुणी अंगाला हात लावू लागला तर त्याला बाहेर कोण काढणार. शेवटचं कलम मागायला लाजू नका. पॉल ओग्रेडी काम करत त्या टॅव्हर्नवर १९८७ साली पोलिसांची धाड पडली, तेव्हा पोलीस एड्सच्या भीतीने रबरी हातमोजे घालून आले होते. लिली सॅव्हेजच्या वेषात असलेले ओग्रेडीही पकडले गेले. काळ बदललाय, पण या वेषात उभ्या असलेल्या माणसाला सुरक्षितता मागून घ्यावी लागते हे बदललेलं नाही.

राजीनाम्याचा विचार दुसरा करार समोर येईल तेव्हा. तोवर वर्षभराचा घरखर्च बाजूला पडलेला असावा, आणि निदान तीन वेगळ्या ठिकाणांहून तुम्हाला, तुमच्या त्या बाईला, नाव घेऊन बोलावणं आलेलं असावं. एकाच जागेच्या भरवशावर नोकरी सोडू नका, मग ती जागा कितीही मायेची असो. कलेवरच्या प्रेमाने पैशाचं भान सुटलं की काय होतं ते तुमच्या बाबांच्या लाडक्या बालगंधर्वांच्या बाबतीत घडलंच. उंची शालू, खरे दागिने, अत्तरं, कशातही तडजोड नाही. प्रेक्षकांनी डोक्यावर घेतलं आणि नाटक मंडळी कर्जात बुडाली.

आता बाबांचंच. त्यांना सांगताना बालगंधर्वांची ढाल पुढे करू नका. मोह होईल, मला कळतंय. पण बाबा म्हणतील, "ते वेगळं होतं," आणि त्यांचं थोडं खरंच आहे. त्या काळात बायकांना रंगमंचावर येऊ देत नव्हते, म्हणून पुरुषांनी ती कामं केली, आणि प्रेक्षकांनी समोरचा पुरुष आहे हे विसरावं यातच त्यांचं कसब होतं. इतकं, की घरंदाज बायका बालगंधर्वांसारखी साडी नेसायला लागल्या. तुमच्या प्रेक्षकांना मात्र काहीच विसरायचं नसतं. तुम्ही कोण आहात हे त्यांना माहीत असतं, आणि ते माहीत असण्यातच सगळी मजा असते. बाईपण, पुरुषपण ही केवढी मोठी वेशभूषा आहे, हे तुम्ही ती दुप्पट करून दाखवता. अमेरिकेतल्या कलाकार स्टॉर्मे डेलार्व्हेरी या तर स्त्री. १९५५ ते १९६९ त्या पुरुषाच्या सूटमध्ये ज्वेल बॉक्स रिव्ह्यू या फिरत्या कार्यक्रमाचं सूत्रसंचालन करत, आणि बरोबरचे बाकी सगळे बायकांच्या वेषातले पुरुष. हा फरक बाबांना सांगा. त्यांना कमी समजतं असं धरून चालू नका. जो माणूस एका आवाजावर डोळे पुसतो त्याला कला काय करते हे ठाऊक आहे.

ते विचारतील, "म्हणजे तुला बाई व्हायचंय का?" काही कलाकारांना या वाटेवर स्वतःचं लिंग खरंच सापडतं, काहींसाठी हा रंगमंचावरचाच वेष असतो. तुमचं काय ते पत्रात नाही आणि मी विचारत नाही. बाबांनी विचारलं तर जेवढं तुम्हाला पक्कं माहीत आहे तेवढंच सांगा. एका संध्याकाळी सगळ्या प्रश्नांची उत्तरं द्यायची सक्ती नाही. फक्त एक करा, तो व्हिडिओ त्यांच्यापर्यंत पोचायच्या आधी तुम्ही पोचा. ताईला बरोबर घ्या, पण बोलायचं तुम्ही. ताईने पुढे होऊन सांगितलं की गुन्हा कबूल केल्यासारखं वाटतं. फोटो दाखवायचा तर मेकअप अर्धा झालेला दाखवा, एक डोळा रंगवलेला आणि एक रोजचा. त्यात त्यांना त्यांचा मुलगा दिसेल आणि त्याचे कष्टही दिसतील. पहिल्या दिवशी ते उठून आत गेले तर मागे जाऊ नका. चार दिवसांनी पुन्हा त्यांच्या शेजारी जाऊन बसा.

ऑफिसातल्या माणसाचं फार मनाला लावून घेऊ नका. नेमणुकीच्या कागदांत दुसऱ्या उत्पन्नाबद्दल काय लिहिलंय ते वाचा, परवानगी लागत असेल तर रीतसर मागा. त्या माणसाला एकटं गाठून सरळ सांगा, "तो मीच होतो." लपवायला काही उरलं नाही की कुजबुजही फार दिवस टिकत नाही.

गुडघ्यांना विशीतल्या पोरांशी शर्यत लावू नका. जाड टाचेचे बूट घ्या, घरात रोज वीस मिनिटं ते घालून वावरा, पोटऱ्या आणि घोटे आधी तयार होऊ द्या. कमरेचा पट्टा प्रयोगाआधी अर्धा तास बांधा आणि दम कोंडला तर सैल करा. सूत्रसंचालकाला श्वास लागतो. आणि गाण्यावर ओठ हलवताना एक पाहा : गायिका जिथे श्वास घेते तिथेच तुम्हीही घेता का? बहुतेक जण शब्द पाठ करतात, श्वास पाठ करत नाहीत. मग ओठ अगदी बरोबर हलतात, पण छाती आणि गळा गप्प असतो, आणि शेवटच्या रांगेलाही काहीतरी खोटं वाटतं. गाणं हेडफोनवर ऐका, कागदावर प्रत्येक श्वासाला रेघ मारा, कुठला लांब, कुठला चोरटा, कुठे हुंदक्यासारखा. हे तुमच्याच धाटणीचं काम आहे. चुकलेला एक आकडा शोधायला शंभर पानं चाळणाऱ्या माणसाला जे ऐकू येईल ते त्या उड्या मारणाऱ्यांना येणार नाही.

पर्सच्या ऑडिटला आता नियम लावा. विचारल्याशिवाय कुणाच्या पर्सला हात नाही. औषध, पत्र, कुणाचा फोटो निघाला तर न बोलता परत ठेवायचं. ज्या बाईंची पर्स, त्यांना शेवटी टाळी मिळाली पाहिजे. आणि तुमची ती बाई नेमकी कोण, यावर बसा. ती पावत्या का मागते? तिला कुणी फसवलंय का? तिच्या स्वतःच्या पर्समध्ये काय आहे? मला वाटतं, एखाद्या रात्री कुणीतरी प्रेक्षकांतून ओरडेल, "आता तुझी दाखव!" त्या रात्रीसाठी तिची पर्स भरून ठेवा. तिथे तुमची १२ वर्षं कामाला येतील, आणि कदाचित ती चार वर्षंही, जी तुम्ही बाबांपासून लपवलीत.

आता भुवया. तुम्ही गोंद कुठला वापरता ते लिहिलं नाहीत, पण कातडी सोलवटते म्हणजे बहुधा विगची जाळी चिकटवायचा स्पिरिट गम भुवयांवरही लावत असाल. तो तिथे नको. भुवयांना शाळेतली पोरं वापरतात ती साधी गोंदाची कांडी पुरते, पाण्याने सुटणारी. भुवई कोरडी आणि तेलकटपणा काढलेली हवी. कांडी आधी केसांच्या उलट्या दिशेने फिरवा म्हणजे गोंद मुळाशी जातो, मग बारीक कंगव्याने केस वर विंचरून कपाळाला सपाट बसवा, चमच्याच्या पाठीने दाबा. थांबा. पूर्ण वाळू द्या. दुसरा थर, पुन्हा वाळवण. तिसरा थर. ओल्यावर ओला थर दिला तर दिव्यांखाली तासाभरात गोंद सुटतो आणि केस उभे राहतात. मग पारदर्शक पावडर दाबून बसवा, केसांचा काळेपणा मारायला नारिंगी करेक्टर, त्यावर फाउंडेशन. हाच नारिंगी दाढीच्या निळसर सावलीलाही चालतो.

काढताना आधी तेलाच्या क्लीन्झरने रंग उतरवा. मग कोमट पाण्यात भिजवलेलं मऊ फडकं दोन्ही भुवयांवर ठेवून दोन-तीन मिनिटं डोळे मिटून बसा. घासू नका, ओढू नका. गोंद मऊ झाला की फडकं केसांच्या दिशेने हलकेच फिरवा, राहिलं तर पुन्हा भिजवा. जाळीचा गम त्याच्याच रिमूव्हरने काढायचा, तोही डोळ्यांपासून लांब. नवीन काही वापरायच्या आधी कोपराच्या आतल्या बाजूला लावून एक दिवस वाट पाहा. आत्ता जिथे सोललंय तिथे नवी कातडी येईपर्यंत काहीही लावू नका. तोवर कपाळावर बट ओढणारा विग घाला, भुवया झाकल्या जातील.